गेलेलें पीक आणि राहिलेला कागद
विम्याची भरपाई नाकारली गेल्यास न्यायासनापुढें काय टिकतें व काय टिकत नाहीं

पीक बुडालें म्हणजे शेतकरी आभाळाकडे पाहतो, आणि आभाळाशीं भांडतां येत नाहीं हें तो पिढ्यान्‌पिढ्या जाणून आहे. परंतु ज्यानें पिकाचा विमा उतरविला आहे त्याच्या वांट्यास कधीं कधीं दुसरीही एक आपत्ति येते. हप्ता वेळेवर भरलेला असतो. नुकसान साऱ्या शिवारानें पाहिलेलें असतें. आणि कांहीं महिन्यांनीं उत्तर येतें कीं, आपला दावा मान्य करतां येत नाहीं. कारण म्हणून नियमावलींतील एखादें कलम दाखविलेलें असतें. ही दुसरी आपत्ति आभाळांतून आलेली नसते, कागदांतून आलेली असते. आणि म्हणूनच तिच्याशीं भांडतां येतें.

मात्र तें भांडण कशाच्या बळावर करावयाचें हें आधीं नीट समजून घेतलें पाहिजे. आपलें नुकसान खरें आहे, एवढ्यावर न्याय मिळेल अशी आपल्यापैकीं पुष्कळांची समजूत असते. ती अपुरी आहे. दावा न्यायालयांत उभा राहीपर्यंत शेत नांगरून झालेलें असतें, दुसरें पीकही उभें राहिलेलें असतें. न्यायाधीशास बुडालेलें पीक दिसत नाहीं. त्यास दिसतें तें त्या पिकाविषयीं कोणीं, केव्हां व काय लिहून ठेवलें तें. गेलेल्या पिकाच्या जागीं जो कागद राहतो, तोच न्यायासनापुढें शेतकऱ्याचा साक्षीदार होय. ही गोष्ट नुसती उपदेश म्हणून सांगण्यापेक्षां प्रत्यक्ष घडलेल्या तीन खटल्यांवरून दाखविणें बरें. त्यांतील दोन अमेरिकेंतील आहेत व तिसरा आपल्या मराठवाड्यांतील आहे.

पहिला खटला : तोंडचा शब्द

आरंभ अमेरिकेपासून करण्याचें कारण असें कीं, तेथें सरकारी पीकविम्याचें काम पुष्कळ आधीं सुरू झालें. आपल्याकडे म्हैसूर संस्थानांत जे. एस. चक्रवर्ती यांनीं १९२० सालीं पावसाच्या मोजमापावर आधारलेल्या शेतकी विम्याची योजना पुस्तकरूपानें मांडली होती. पण ती कागदावरच राहिली. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत मात्र १९३८ सालीं कायदा होऊन फेडरल क्रॉप इन्शुरन्स कॉर्पोरेशन नांवाचें सरकारी विमा मंडळ निघालें, आणि १९३९ च्या गव्हापासून विमा उतरविण्यास प्रारंभ झाला. त्यामुळें नाकारलेल्या भरपाईचे वादही तेथील न्यायालयांपुढें लवकर आले.

आयडाहो संस्थानांत बॉनव्हिल नांवाचा परगणा आहे. तेथील दोघां भावांनीं १९४५ च्या वसंतांत ४६० एकर गहूं पेरण्याचें ठरविलें. थंड प्रदेशांत गव्हाचे दोन पेरे असतात. एक शरदांत पेरून हिंवाळाभर जमिनींत राहणारा, व दुसरा बर्फ वितळल्यावर वसंतांत पेरावयाचा. या भावांच्या ४६० एकरांपैकीं ४०० एकरांत आधीं हिंवाळी गहूं पेरलेला होता, आणि त्याच जमिनींत त्यांनीं आतां वसंती गव्हाची दुबार पेरणी केली. विमा उतरविण्यास ते परगण्याच्या समितीकडे गेले. ही समिति विमा मंडळाची स्थानिक मुखत्यार होती. दुबार पेरणीची गोष्ट त्यांनीं समितीपासून लपविली नाहीं, सरळ सांगितली. समितीनें त्यांस सांगितलें कीं, सर्व पिकाचा विमा उतरूं शकतो. परंतु जो अर्ज लिहून वर पाठविण्यांत आला, त्यांत दुबार पेरणीचा उल्लेख नव्हता. मे महिन्याच्या २८ तारखेस मंडळानें अर्ज स्वीकारला. जुलै महिन्यांत अवर्षणानें बहुतेक पीक करपून गेलें.

भरपाई मागतांच मंडळानें चौकशी केली, व दुबार पेरणी उघडकीस आल्यावर पैसे देण्याचें नाकारलें. हिंवाळी गव्हाच्या जमिनींत दुबार पेरलेल्या वसंती गव्हाचा विमा उतरणार नाहीं, असा नियम त्याच वर्षाच्या फेब्रुवारींत सरकारी राजपत्रांत छापून प्रसिद्ध झालेला होता. भावांस तो ठाऊक नव्हता. आणि ज्या समितीनें त्यांस सल्ला दिला तिलाही तो ठाऊक नव्हता!

आयडाहोच्या न्यायालयांत पंचांनीं भावांच्या बाजूनें निकाल दिला व तेथील वरिष्ठ न्यायालयानेंही तो कायम केला. परंतु प्रकरण देशाच्या सर्वोच्च न्यायालयांत गेलें, आणि १९४७ च्या नोव्हेंबरांत तेथें पांच विरुद्ध चार मतांनीं तो निकाल उलटला. बहुमताचा निकाल न्यायमूर्ति फ्रँकफर्टर यांनीं लिहिला. त्याचा मथितार्थ असा : सरकारच्या वतीनें बोलणाऱ्या माणसास तसें बोलण्याचा अधिकार आहे कीं नाहीं, हें पाहून घेण्याची जबाबदारी त्याच्याशीं व्यवहार करणाराची आहे; राजपत्रांत छापलेला नियम सर्वांस ठाऊक आहे असेंच कायदा धरून चालतो; आणि मुखत्याराच्या चुकीच्या आश्वासनामुळें सरकारी तिजोरी बांधली जात नाहीं.

विरुद्ध मत देणाऱ्या चौघांपैकीं न्यायमूर्ति जॅक्सन यांनीं शेतकऱ्याची बाजू फार मार्मिकपणें मांडली. त्यांचें म्हणणें असें कीं, तें कंटाळवाणें व जाडजूड राजपत्र शेतकरी वाचीत असेल असें मानणें शुद्ध वेडगळपणाचें आहे; आणि तसें वाचीत बसल्यास त्यास पीकविम्याची गरजच उरणार नाहीं, कारण पेरणीला त्यास वेळच मिळणार नाहीं. वाचकांस हें म्हणणें पटेल. आम्हांसही पटतें. परंतु तें अल्पमत होतें, आणि अल्पमतानें भरपाई मिळत नाहीं.

या खटल्यांत त्या भावांचें काय चुकलें? ते खोटें बोलले नाहींत, त्यांनीं कांहीं दडविलें नाहीं. त्यांनीं खरें तें तोंडानें सांगितलें व तोंडचेंच उत्तर घेऊन ते घरीं आले. आणि सर्व पीक ज्या एका गोष्टीवर अवलंबून होतें ती अर्जांत लिहिली गेली आहे कीं नाहीं, हें त्यांनीं पाहिलें नाहीं. आपल्याकडे बँकेच्या फळीवरील कारकून, सेवा केंद्राचा चालक किंवा कंपनीचा प्रतिनिधि “काळजी करूं नका, होऊन जाईल” असें म्हणतो, तेव्हां या ४०० एकरांची आठवण ठेवावी.

दुसरा खटला : नांगरलेलें शेत

पहिल्या निकालावरून कोणी असा समज करून घेईल कीं, नियमापुढें शेतकऱ्याचें कधींच चालत नाहीं. तसें नाहीं. त्याच विमा मंडळाविरुद्धचा १९७६ सालचा एक निकाल या दृष्टीनें वाचण्यासारखा आहे.

नॉर्थ कॅरोलायना संस्थानांतील कांहीं शेतकऱ्यांनीं १९७३ सालच्या तंबाखूचा विमा उतरविला होता. अतिवृष्टीनें पीक खालावलें. जें हातीं आलें तें त्यांनीं काढून विकलें, नुकसानीची वर्दी व दावा वेळेंत दाखल केला, आणि विमा मंडळाचा तपासनीस येण्यापूर्वींच तंबाखूचीं धाटें जमिनींत नांगरून टाकलीं. यांत लबाडी नव्हती. जमीन उघडी राहून तिची धूप होऊं नये म्हणून त्यांस राय नांवाचें आच्छादनाचें पीक पेरावयाचें होतें. चांगल्या शेतकऱ्यानें जें करावें तेंच त्यांनीं केलें. परंतु विम्याच्या करारांत एक कलम असें होतें कीं, ज्या क्षेत्रावर नुकसान मागितलें असेल तेथील धाटें मंडळाकडून पाहणी होईपर्यंत नष्ट करूं नयेत. तपासनीस आला, त्यास धाटें दिसलीं नाहींत. भरपाई नाकारली गेली. खालच्या न्यायालयानेंही मंडळाचें म्हणणें उचलून धरलें.

अपिलांत मात्र न्यायाधीशांनीं संबंध करार वाचला. त्याच करारांतील दुसऱ्या एका कलमांत, “ही गोष्ट भरपाईची पूर्वअट आहे,” असे शब्द स्पष्ट घातलेले होते; धाटांच्या कलमांत ते नव्हते. न्यायालयानें म्हटलें कीं, जेथें करार लिहिणारास पूर्वअट घालावयाची होती तेथें त्यानें ती शब्दांनीं घातली. जेथें घातली नाहीं तेथें ती आम्ही ओढून आणणार नाहीं. संशय असेल तेथें करार लिहिणाराच्या विरुद्ध अर्थ करावा, आणि माणसाचा हक्क जप्त होईल असा अर्थ शक्य तों टाळावा, हीं विम्याच्या कायद्याचीं जुनीं तत्त्वें आहेत. त्यांस अनुसरून खालचा निकाल रद्द झाला व प्रकरण पुन्हां चौकशीसाठीं परत गेलें.

या निकालापासून दोन गोष्टी शिकावयाच्या. पहिली अशी कीं, नकाराच्या पत्रांत कलम दाखविलें म्हणून हात टेकूं नयेत. तें कलम उघडून वाचावें, शेजारचींही वाचावीं. “अमुक करावें” असें लिहिलेलें असणें आणि “अमुक न केल्यास भरपाई मिळणार नाहीं” असें लिहिलेलें असणें, या दोहोंत पुष्कळ अंतर आहे. दुसरी गोष्ट याहून सोपी आहे : पाहणी झाल्याशिवाय शेत मोडूं नये. त्या शेतकऱ्यांस शेवटीं न्यायाचें दार उघडलें खरें. पण चार ओळी धाटें उभीं ठेवलीं असतीं तर तें दार ठोठावण्याची पाळीच कदाचित् आली नसती.

तिसरा खटला : बहात्तर तास

आतां घरच्या गोष्टीकडे वळूं. २०२० च्या ऑक्टोबरांत तेव्हांच्या उस्मानाबाद, म्हणजे आतांच्या धाराशिव, जिल्ह्यांत सोयाबीनच्या ऐन सुगींत अतिवृष्टि झाली. उभें पीक पाण्यांत गेलें, आणि कापून पडलेलें भिजून कुजलें. तेथील शेतकऱ्यांनीं प्रधानमंत्री पीक विमा योजनेंत हप्ता भरलेला होता. योजनेच्या नियमांत असें होतें कीं, स्थानिक आपत्तीनें किंवा काढणीनंतर शेतांतच पिकाचें नुकसान झाल्यास शेतकऱ्यानें बहात्तर तासांच्या आंत तशी वर्दी द्यावी. ज्यांनीं ती दिली त्यांच्या दाव्यांचा विचार झाला. परंतु साडेतीन लाखांहून अधिक शेतकरी असे राहिले कीं, ज्यांनीं मुदतींत वर्दी दिली नाहीं, एवढ्या कारणावरून त्यांस भरपाई नाकारण्यांत आली.

बहात्तर तासांचा नियम सर्वस्वीं अन्यायाचा आहे असें आम्ही म्हणणार नाहीं. भिजलेल्या पिकाचा पुरावा लवकर नाहींसा होतो; पाहणी उशिरां झाली तर खरें काय व खोटें काय हें ठरविणें कठीण जातें. परंतु नियमाचा हेतु नुकसानीची खातरजमा व्हावी हा होय; शेतकऱ्याची घड्याळाशीं शर्यत लावावी हा नव्हे. शिवारांत पाणी उभें असतां वर्दी द्यावयाची कशी, हा प्रश्न त्या वेळीं गांवोगांव विचारला जात होता. आणि नुकसानीची खातरजमा तर दुसऱ्या वाटेनें झालेलीच होती. सरकारी मदत देण्यासाठीं महसूल व शेतकी खात्यांच्या माणसांनीं गांवोगांव फिरून पंचनामे केले होते, व त्यांवरून सरकारनें मदतही दिली होती. एका हातानें सरकारी कागद नुकसान झालें म्हणून सांगतो, आणि दुसऱ्या हातानें विम्याचा कागद वर्दी नाहीं म्हणून नुकसान नाहीं म्हणतो, असा हा प्रकार होता.

शेतकऱ्यांनीं व लोकप्रतिनिधींनीं हा वाद मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढें नेला. २०२२ च्या मे महिन्यांत निकाल लागला. या साऱ्या शेतकऱ्यांस विमा कंपनीनें सहा आठवड्यांत भरपाई द्यावी, आणि तिनें न दिल्यास राज्य सरकारनें द्यावी, असा आदेश झाला. कंपनी पुढें सर्वोच्च न्यायालयांत गेली. तेथें तिला दोनशें कोटि रुपये जमा करण्यास सांगण्यांत आलें.

पहिल्या खटल्यांतील भावांजवळ तोंडी आश्वासन होतें. येथें शेतकऱ्यांजवळ सरकारी पंचनामा होता. तेथें दोघे भाऊ एकटे होते; येथें सारा जिल्हा एका तक्रारीमागें उभा राहिला. वर्दीचा कागद नव्हता खरा, पण त्याचें काम करणारा दुसरा कागद होता, आणि त्यावर सरकारच्याच माणसांच्या सह्या होत्या. मात्र २०२० च्या ऑक्टोबरांत गेलेल्या पिकाचा निकाल २०२२ च्या मे महिन्यांत लागला, हेंही विसरतां कामा नये. दीड वर्षांहून अधिक काळ शेतकऱ्यानें दुसऱ्या पेरणीचें बियाणें व खत कोठून आणलें असेल, याचा हिशेब कोणत्याही निकालपत्रांत येत नाहीं.

कोणता नकार खरोखर अन्यायाचा

न्यायालयाकडे धांव घेण्यापूर्वीं आणखी एक गोष्ट स्वच्छ मनानें तपासावी. प्रत्येक नकार अन्यायाचा नसतो. आपल्याकडील विमा बहुतांशीं क्षेत्रावर आधारलेला आहे, म्हणजे प्रमुख पिकांस एकेका शेताऐवजीं गांव, ग्रामपंचायत किंवा महसूल मंडळ हा घटक धरलेला असतो. या पद्धतीचा पुरस्कार पुण्याचे अर्थशास्त्रज्ञ प्रा. वि. म. दांडेकर यांनीं १९७६ च्या सुमारास केला. १९७९ पासून ती प्रयोगादाखल, १९८५ पासून सर्वंकष पीक विमा योजनेंत, १९९९ च्या रब्बीपासून राष्ट्रीय कृषि विमा योजनेंत आणि २०१६ च्या खरिपापासून सध्यांच्या योजनेंत चालत आली आहे.

तिचें गणित असें आहे. मागील सात वर्षांपैकीं उत्तम पांच वर्षांच्या सरासरी उत्पन्नास ठरलेला जोखीमस्तर लावून उंबरठा उत्पन्न काढतात. चालू वर्षाचें उत्पन्न पीककापणी प्रयोगांनीं ठरतें. तें उंबरठ्याच्या जितकें खालीं जाईल त्या प्रमाणांत विमा संरक्षित रकमेचा हिस्सा मिळतो. समजा, उंबरठा हेक्टरी १० क्विंटल आहे, प्रयोगांत उत्पन्न ६ क्विंटल आलें, आणि विमा संरक्षित रक्कम हेक्टरी ५०,००० रुपये आहे. तूट ४ क्विंटल, म्हणजे उंबरठ्याच्या दोन-पंचमांश. तेव्हां भरपाई हेक्टरी २०,००० रुपये. परंतु प्रयोगांत उत्पन्न १० किंवा त्याहून अधिक आलें, तर एखाद्या शेतकऱ्याचें शेत संपूर्ण बुडालें असलें तरी या मार्गानें त्यास कांहीं मिळणार नाहीं. हें दुःखद आहे, पण तो नियमाचा भंग नव्हे. आणि तेवढ्यावर न्यायालयांत जाणारा पदरचा पैसा घालवून बसेल.

खरा अन्याय कोठें असतो तें वेगळें आहे. पीककापणी प्रयोग ठरल्या जागीं न होतां दुसरीकडे होणें किंवा नुसताच कागदावर होणें; बँकेनें हप्ता कापून घेऊन तो कंपनीकडे वेळेवर न पाठविणें; अर्जांत गांवाचें, पिकाचें वा क्षेत्राचें नांव चुकणें; वर्दी दिलेली असूनही पाहणी न होणें; पाहणी होऊन तिची नक्कल शेतकऱ्यास न देणें; कारण न देतां दावा फेटाळणें; हीं सारीं लढण्याजोगीं कारणें आहेत. बँकेच्या चुकीमुळें शेतकरी विम्यास मुकल्यास त्याची जबाबदारी बँकेवर येते, असें योजनेच्या मार्गदर्शक सूचनांतच म्हटलेलें आहे. पुष्कळांस हें ठाऊक नसल्यामुळें ते नाहक कंपनीच्या दारीं खेटे घालतात.

शिवाय नियम दर हंगामीं तेच राहतात असें नाहीं. महाराष्ट्रांत २०२३ च्या खरिपापासून शेतकऱ्यास एक रुपया भरून विमा घेतां येत असे; २०२५ च्या खरिपापासून ती सवलत बंद झाली, पुन्हां हप्ता आकारण्यांत आला, आणि भरपाई पीककापणी प्रयोगावरच बेतण्याचें ठरलें. म्हणून गेल्या वर्षींच्या माहितीवर विसंबून दावा करूं नये. ज्या हंगामाचें नुकसान, त्याच हंगामाचा शासन निर्णय मिळवून वाचावा.

कोणत्या दारीं जावें

पहिलें दार तक्रार निवारण समितीचें. योजनेंत जिल्हा व राज्य पातळीवर अशा समित्या नेमलेल्या आहेत. तेथें अर्ज लेखी द्यावा व पोंच घ्यावी. समितीनें दाद दिली नाहीं तरी हा अर्ज वायां जात नाहीं. आपण योग्य वाटेनें आलों हें पुढें त्यावरून सिद्ध होतें.

दुसरें दार जिल्हा ग्राहक आयोगाचें. २०१९ चा ग्राहक संरक्षण कायदा २०२० च्या जुलैपासून अमलांत आला. विमा ही सेवा आहे व हप्ता हें तिचें मोल आहे. तेव्हां सेवेंत उणीव राहिल्यास तक्रार करतां येते. शेतकऱ्यास आपण राहतों त्याच जिल्ह्यांत ती करतां येते, कंपनीच्या मुख्य कचेरीच्या शहरीं जावें लागत नाहीं. मोल म्हणून भरलेली रक्कम पांच लाखांपर्यंत असेल तर जिल्हा आयोगांत फी पडत नाहीं. वकील दिलाच पाहिजे असेंही नाहीं. मुदत मात्र कारण घडल्यापासून दोन वर्षांची आहे, ती चुकवूं नये. एकाच कारणानें नाडलेल्या अनेक शेतकऱ्यांस आयोगाच्या परवानगीनें एकत्र तक्रारही करतां येते.

“पॉलिसी तुमच्या नांवाची नाहीं, तेव्हां तुम्ही ग्राहकच नव्हे,” असा बचाव विमा कंपन्या केव्हां केव्हां करतात. त्यास उत्तर म्हणून सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा एक निकाल ध्यानांत ठेवण्यासारखा आहे. कर्नाटकांतील ब्याडगी भागांतील शेतकऱ्यांनीं शीतगृहांत ठेवलेली मिरची २०१४ च्या आगींत गेली. विमा शीतगृहाच्या नांवें होता. परंतु ज्यांच्या मालासाठीं विमा उतरविला ते शेतकरी त्या विम्याचे लाभधारक आहेत व म्हणून ग्राहकही आहेत, असें न्यायालयानें ठरविलें.

तिसरें दार उच्च न्यायालयाचें. जेथें एकाच नियमाच्या चुकीच्या अर्थानें सबंध तालुका किंवा जिल्हा नाडला गेला आहे, आणि सरकारचेंही कर्तव्य त्यांत गुंतलेलें आहे, तेथें धाराशिवप्रमाणें या दारीं एकत्र जावें. एकट्यानें जाण्यास तें दार खर्चाचें आहे.

बांधावरच्या संवयी

वरील सर्व विवेचनाचें सार थोडक्यांत सांगतां येईल. विमा उतरवितांना अर्ज दुसऱ्यानें भरला तरी आपण तो वाचून पाहावा : गट क्रमांक, पीक, क्षेत्र, पेरणीची तारीख व बँक खातें यांत तफावत नसावी. पीक पाहणींत नोंदलेलें पीक व विम्यांतील पीक एकच असावें. आंतरपीक, दुबार पेरणी, वांट्यानें केलेली जमीन अशी कांहीं विशेष गोष्ट असेल तर ती तोंडानें सांगून थांबूं नये. लिहून द्यावी व लेखी उत्तर मागावें. हप्त्याची पावती जमिनीच्या उताऱ्याबरोबर एकाच पिशवींत ठेवावी.

नुकसान होतांच त्याच दिवशीं वर्दी द्यावी. ती मोबाइलवरून दिली असल्यास मिळालेला क्रमांक लिहून ठेवावा; तेवढ्यानेंही न थांबतां बँक व कृषि कार्यालय यांस लेखी अर्ज देऊन पोंच घ्यावी. शेताचीं छायाचित्रें काढावीं, आणि तींत बांध, विहीर, झाड अशी शेताची ओळख पटेल असें कांहीं यावें. पाहणी होईपर्यंत सबंध शेत मोडूं नये. पेरणीची निकड असल्यास कांहीं भाग तसाच राखून ठेवावा. पंचनामा झाल्यावर सही करण्यापूर्वीं तो वाचावा, नुकसानीचा आंकडा कमी वाटल्यास तसा शेरा स्वतःच्या हातानें लिहावा, व नक्कल मागावी. गांवांत पीककापणी प्रयोग असेल त्या दिवशीं दोघां-चौघांनीं तरी हजर राहावें. त्या लहानशा तुकड्याच्या वजनावर साऱ्या गांवाची भरपाई ठरत असते, आणि तो दिवस उलटून गेल्यावर त्याविषयीं केलेली तक्रार सिद्ध करणें फार अवघड असतें.

कोणी म्हणेल कीं, एवढें लिहिण्यास शेतकऱ्यास सवड कोठें आहे? न्यायमूर्ति जॅक्सन यांनीं हीच शंका न्यायासनावरून विचारली होती. ती रास्त आहे, आणि नियम सोपे करण्याची जबाबदारी सरकारवरून व कंपन्यांवरून तिनें सुटत नाहीं. परंतु नियम सोपे होईपर्यंत आपण हात बांधून बसणें परवडणारें नाहीं. एकट्यास सवड नसेल तर गांवच्या सोसायटीनें एक वही ठेवावी. तींत कोणीं कोणत्या पिकाचा विमा उतरविला, वर्दी केव्हां दिली, पाहणीस कोण आलें, नकार कोणत्या कलमानें आला, हें लिहून काढावें. अशी वही गांवोगांव निघाली तर एका शेतकऱ्याचा दावा नाकारणें सोपें राहणार नाहीं, कारण त्याच्यामागें साऱ्या गांवाची नोंद उभी असेल.

पाऊस आपल्या हातीं नाहीं. न्यायाधीशाचा निकालही आपल्या हातीं नाहीं. पेरणीपासून पाहणीपर्यंतचा कागद मात्र सर्वस्वीं आपल्या हातचा आहे. खळ्यावर जसा दाणा वेंचून ठेवतों, तसा तोही वेंचून ठेवावा, एवढीच आमची वाचकांस विनंति आहे.